शब्द विकत घेणारा कवी आणि एक ग्रीक दिग्दर्शक

(ग्रंथालयाच्या शताब्दी व्याख्यानमालेत दिलेले व्याख्यान)



शताब्दीच्या व्याख्यानमालेसाठी मी एका चित्रपट-दिग्दर्शकाचा विषय निवडला, हे ऐकून आपल्यापैकी काही ज्येष्ठांना नवल वाटले असेल. दिग्दर्शक तोही मराठी नाही, बंगाली नाही. दूरच्या ग्रीस देशातला. ग्रंथालयाच्या उत्सवात ज्ञानेश्वर-तुकारामांविषयी बोलावे, केशवसुत-मर्ढेकरांविषयी बोलावे, हा शिरस्ता मलाही ठाऊक आहे. तथापि थिओ आंजेलोपुलोस या दिग्दर्शकाचे चित्रपट पाहताना मला सतत असे वाटत आले आहे, की हा मनुष्य मुळात वाचक होता. हातात कॅमेरा आला म्हणून त्याचे वाचन थांबले नाही. उलट जे वाचले ते आपल्या काळाला लावून पाहण्याचे साधन त्याला सापडले. त्याच्या एका चित्रपटात तर शब्द विकत घेणारा एक कवी येतो. त्या कवीची गोष्ट आज ग्रंथालयात, आणि विशेषतः आपल्यासारख्या महाराष्ट्राबाहेरच्या ग्रंथालयात, सांगितली गेली पाहिजे असे मला वाटते. तिथपर्यंत जाण्यापूर्वी या दिग्दर्शकाची कारकीर्द थोडक्यात आपल्यापुढे ठेवतो.

साहित्य आणि चित्रपट यांचा संबंध म्हटला की आपल्या डोळ्यांपुढे पुस्तकावरून काढलेला चित्रपट येतो. साने गुरुजींच्या पुस्तकावरून आचार्य अत्रे यांनी 1953 साली काढलेला 'श्यामची आई' हे आपल्याकडचे ठळक उदाहरण. ग्रीसमध्येही ही परंपरा आहे. मूळचे सायप्रसचे मायकेल काकोयानिस यांनी युरिपिडीसच्या नाटकांवरून 1962 साली 'इलेक्ट्रा', 1971 साली 'ट्रोजन विमेन' आणि 1977 साली 'इफिजिनिया' हे चित्रपट केले. कझान्झाकिसच्या कादंबरीवरून 1964 साली केलेला त्यांचा 'झोर्बा द ग्रीक' तर जगभर गाजला. आंजेलोपुलोस यांचा मार्ग याहून वेगळा होता. त्यांनी प्राचीन महाकाव्य किंवा नाटक जसेच्या तसे पडद्यावर आणले नाही. विसाव्या शतकातल्या ग्रीसमधल्या साध्या माणसांच्या हकिकती त्यांनी सांगितल्या, आणि त्या हकिकतींच्या तळाशी होमर, एस्किलस, सोलोमोस, सेफेरिस ही मंडळी वावरत राहिली. आपल्याकडे एखादी म्हातारी बाई घरातले भांडण सांगताना सहज महाभारताचा दाखला देऊन जाते. त्या रीतीने हा दिग्दर्शक पुराणकथेकडे वळतो.

त्यांचा जन्म 27 एप्रिल 1935 रोजी अथेन्समध्ये झाला. पुढच्याच वर्षी, 4 ऑगस्ट 1936 रोजी, जनरल मेटाक्सास यांची हुकूमशाही आली. मुलगा पाच-सहा वर्षांचा होतो तोच इटलीचे आक्रमण आणि मागोमाग जर्मन अंमल. 1944 च्या अखेरीस जर्मन गेले आणि डिसेंबरमध्ये अथेन्सच्या रस्त्यांवर ग्रीकांनीच ग्रीकांवर बंदुका रोखल्या. त्या धामधुमीत त्यांच्या वडिलांना धरून नेण्यात आले. नऊ वर्षांचा थिओ आईचा हात धरून मैदानात पडलेल्या प्रेतांमध्ये वडिलांना शोधत फिरला, हे त्यांनी पुढे अनेकदा सांगितले आहे. वडील काही काळाने जिवंत परत आले. परंतु हरवलेला बाप, त्याच्या शोधात निघालेली मुले आणि उशिरा परतलेला, ओळख हरवून बसलेला म्हातारा ही त्रयी या दिग्दर्शकाच्या चित्रपटांतून कधीच गेली नाही. होमरच्या 'ओडिसी'चा आरंभही बापाच्या शोधात निघालेल्या मुलापासूनच होतो, हे आपल्या स्मरणात असेलच. पुस्तकातली कथा आणि घरातली कथा इतकी जुळलेली असल्यावर त्यांना पुस्तकाचे वेगळे रूपांतर करण्याची गरज ती काय राहावी?

तरुणपणी त्यांनी अथेन्समध्ये कायद्याचा अभ्यास केला, पण पदवी घेतली नाही. नंतर ते पॅरिसला गेले, तेथील प्रसिद्ध चित्रपट-विद्यालयात दाखल झाले आणि तेथून त्यांना काढून टाकण्यात आले. 1964 च्या सुमारास ते मायदेशी परतले आणि डाव्या विचारांच्या एका दैनिकात चित्रपट-समीक्षा लिहू लागले. 21 एप्रिल 1967 रोजी लष्करी अधिकाऱ्यांनी सत्ता बळकावली आणि ते दैनिक बंद पडले. समीक्षकाची लेखणी अशी थांबली, आणि 1970 साली 'पुनर्रचना' या कृष्णधवल चित्रपटाने त्यांच्या खऱ्या कारकिर्दीला आरंभ झाला. एपिरस या डोंगराळ प्रांतातल्या खेड्यात घडलेल्या एका खऱ्या खुनावर हा चित्रपट आधारलेला आहे. जर्मनीत मजुरी करून नवरा घरी परततो आणि बायको प्रियकराच्या साहाय्याने त्याचा जीव घेते. युद्धावरून परतलेल्या अगामेम्नॉनला क्लिटेम्नेस्ट्रा मारते, ती ही कथा. अगामेम्नॉन ट्रॉयहून आला होता, हा बिचारा परदेशातल्या कारखान्यातून आला आहे, एवढाच काय तो फरक. परंतु त्या फरकातच खेडी ओस पाडणाऱ्या स्थलांतराचा सारा इतिहास सामावलेला आहे.

1972 साली त्यांनी '36 चे दिवस' हा चित्रपट केला. 'अमुक सालचे दिवस' अशी शीर्षके अलेक्झांड्रियाचा ग्रीक कवी कवाफी याने आपल्या काही कवितांना दिली होती, त्याची आठवण या नावाने होते. विषय मेटाक्सासच्या हुकूमशाहीच्या उंबरठ्यावरचा; काळ मात्र लष्करशाहीचा. एक कैदी तुरुंगात भेटीस आलेल्या आमदाराला ओलीस धरतो आणि सरकारची पंचाईत होते. या चित्रपटात महत्त्वाचे जे काही आहे ते बंद दाराआड घडते, दूरध्वनीवर कुजबुजले जाते, आपल्याला पुरते ऐकूही येत नाही. ज्या काळात बोलता येत नाही, त्या काळाचे चित्र न बोलण्यातूनच काढायचे, ही युक्ती कवीची आहे. सेन्सॉरच्या कात्रीला शब्द कापता येतात. दोन शब्दांमधली शांतता तिला कशी कापता यावी?

आता त्यांच्या सर्वांत गाजलेल्या कृतीकडे वळतो. 1975 साली आलेला 'थिआसोस' हा चित्रपट. इंग्रजीत तो 'ट्रॅव्हलिंग प्लेअर्स' या नावाने ओळखला जातो. आपण त्याला 'फिरती नाटक मंडळी' म्हणू. मराठी माणसाला या नावातच आपलेपणा वाटेल. 1843 साली सांगलीत विष्णुदास भाव्यांनी लावलेले रोप नाटक मंडळ्यांच्या बैलगाड्यांतून आणि आगगाड्यांतून गावोगाव गेले, आणि संस्थानिकांच्या आश्रयाने आपल्या या भागातही ते रुजले. पेट्या, पडदे, रंगभूषेचे सामान, अर्धवट झोपेतली पोरे आणि फलाटावर उभी असलेली मंडळी हे दृश्य आपल्या आजोबा-पणजोबांनी पाहिलेले आहे. या चित्रपटातील ग्रीक मंडळीही अशीच हातात बोचकी घेऊन रेल्वे स्टेशनाबाहेर उभी असतात. 1939 ते 1952 या काळात ती गावोगाव एकच नाटक करते. ते नाटक म्हणजे 'गोल्फो' नावाच्या धनगराच्या मुलीची, एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस लिहिलेली, लोकप्रिय आणि साधीभोळी प्रेमकथा.

गंमत अशी की चार तासांच्या या चित्रपटात ते नाटक धडपणे कधी पुरे होत नाही. कधी हवाई हल्ल्याचा भोंगा वाजतो, कधी बंदुकधारी आत शिरतात. इतिहास दर वेळी रंगमंचावर चढतो आणि गोल्फोची प्रेमकथा अर्धवट राहते. मंडळीतल्या माणसांची आपसांतली नाती मात्र एस्किलसच्या 'ओरेस्टिया'तली आहेत. बाप अगामेम्नॉनसारखा, त्याला जर्मनांच्या हवाली करणारा फितूर एजिस्थससारखा, मुलगी इलेक्ट्रासारखी. ओरेस्टेस हा मुलगा डाव्या बंडखोरांना जाऊन मिळतो. एके रात्री तो नाटक चालू असताना रंगमंचावर येऊन आपल्या आईवर आणि तिच्या प्रियकरावर गोळ्या झाडतो, आणि प्रेक्षक हा नाटकाचाच भाग समजून टाळ्या वाजवतात. पुढे यादवी युद्धात हरलेल्या बाजूचा म्हणून ओरेस्टेसला देहदंड होतो. त्याच्या दफनाच्या वेळी मंडळी खड्ड्याभोवती उभी राहते. इलेक्ट्रा टाळ्या वाजवू लागते आणि बाकीचेही तिला साथ देतात. नटाला नटांनी दिलेला हा निरोप. पहिल्या टाळ्या अजाणतेपणाच्या होत्या, या दुसऱ्या टाळ्या जाणतेपणाच्या आहेत. दोहोंमध्ये एका देशाचे दशक उलटून गेलेले आहे.

या चित्रपटाचे चित्रीकरण लष्करी राजवटीच्या काळातच सुरू झाले. ओरेस्टेसच्या पुराणकथेवर, जर्मन अंमलाच्या पार्श्वभूमीवर चित्रपट काढीत आहोत, एवढेच अधिकाऱ्यांना सांगण्यात आले होते. पुराणकथा म्हटल्यावर सत्ताधीश निर्धास्त झाले. जुलै 1974 मध्ये ती राजवट कोसळली. तरीही नव्या सरकारने हा चित्रपट देशाच्या वतीने कान महोत्सवाला पाठविण्याचे नाकारले. 1975 साली तो तेथे मुख्य स्पर्धेबाहेर दाखविला गेला आणि आंतरराष्ट्रीय समीक्षकांचे पारितोषिक घेऊन परतला. मित्रहो, अभिजात साहित्याची उपयुक्तता काय, असा प्रश्न महाविद्यालयात मला दर वर्षी विचारला जातो. अडीच हजार वर्षांपूर्वीच्या नाटकाने एका कलावंताला बंदुकीच्या पहाऱ्यातून सुखरूप पलीकडे नेले, हे त्याचे एक उत्तर आहे.

त्यांच्या शैलीविषयी दोन शब्द सांगितले पाहिजेत. ही जवळजवळ चार तासांची कृती सुमारे ऐंशी दृश्यखंडांत पुरी होते. नेहमीच्या चित्रपटात दृश्यांचे तुकडे शेकड्यांनी मोजावे लागतात. येथे कॅमेरा एकदा सुरू झाला की मिनिटेच्या मिनिटे चालतो, हळूहळू वळतो, माणसे चौकटीबाहेर जातात, रिकामा रस्ता दिसतो आणि आपण वाट पाहत राहतो. 1946 च्या नववर्षाच्या रात्री नाचघरातून निघालेली उजव्या गटाची माणसे गाणी म्हणत रस्त्याने चालू लागतात आणि चालता चालता, कोठेही तोड न येता, 1952 च्या निवडणुकीच्या सभेत जाऊन पोचतात. सहा वर्षे एका रस्त्याच्या लांबीत मावतात. इंदूरकर श्रोत्यांना हे मी उस्ताद अमीर खाँसाहेबांच्या अतिविलंबित ख्यालाच्या आधाराने सांगेन. तेथे समेची घाई नसते. दोन मात्रांमधल्या मोकळ्या जागेतच राग उभा राहतो. ज्याला ती जागा ऐकू येत नाही त्याला ते गाणे रेंगाळलेले वाटते. आंजेलोपुलोस यांच्यावरही रेंगाळण्याचा आक्षेप आयुष्यभर घेतला गेला, आणि तो सर्वस्वी निराधार नव्हता. त्यांच्या काही चित्रपटांत गांभीर्याचा भार होतो, पात्रे माणसांपेक्षा पुतळ्यांसारखी उभी राहतात, हे त्यांच्या चाहत्यांनीही मान्य करावे. परंतु जेथे ही लय साधली आहे, तेथे तिला दुसरा पर्याय नाही.

1980 नंतर त्यांच्या चित्रपटांचा सूर बदलला. राजकीय इतिहासाच्या मोठ्या पटावरून ते एकेकट्या माणसाकडे आले. याच सुमारास फेलिनीसारख्या दिग्दर्शकांबरोबर काम केलेला इटालियन कवी टोनिनो गुएरा त्यांच्या पटकथांत सहभागी झाला. संगीतकार एलेनी कारैंद्रू आणि आरंभापासून बरोबर असलेले छायालेखक योर्गोस आर्वानितिस यांच्या साहचर्याने एक धुकट, पावसाळी, उत्तरेकडचा ग्रीस पडद्यावर आला. प्रवासी कंपन्यांच्या चित्रांतला निळा समुद्र आणि पांढरीशुभ्र घरे येथे शोधूनही सापडत नाहीत.

1984 च्या 'सिथेराची यात्रा' या चित्रपटात बत्तीस वर्षे रशियात निर्वासित राहिलेला एक वृद्ध साम्यवादी घरी परततो. ओडिसियस परत आला आहे, पण त्याची कोणालाच गरज उरलेली नाही. गावाला डोंगरावरची जमीन विकायची आहे आणि हा म्हातारा सही करीत नाही. त्याचे नागरिकत्वही गेलेले आहे. शेवटी त्याला कोणत्याच देशात जागा नाही म्हणून समुद्रात एका तराफ्यावर ठेवले जाते, आणि त्याची पत्नी आपण होऊन त्याच्याशेजारी जाऊन उभी राहते. पेनेलोपीने वीस वर्षे वाट पाहिली, असे होमर सांगतो. या म्हातारीने बत्तीस वर्षे वाट पाहून पुन्हा एकदा नवऱ्याबरोबर निघणे पत्करले. या चित्रपटाला कान येथे पटकथेचे पारितोषिक मिळाले.

1988 च्या 'धुक्यातले दृश्य' या चित्रपटात दोन भावंडे कधीही न पाहिलेल्या बापाच्या शोधात घर सोडतात. तेथे ती जुनी नाटक मंडळी पुन्हा भेटते. आता तिचे नाटक कोणी लावीत नाही. मंडळींनी आपले पोशाख समुद्रकाठी दोऱ्यांवर टांगून विकायला काढले आहेत. वाऱ्यावर हलणारे ते रिकामे अंगरखे पाहताना मराठी नाटक मंडळ्यांच्या लिलावांच्या ज्या कथा आपण वाचल्या आहेत, त्या आठवल्यावाचून राहत नाहीत. याच चित्रपटात सालोनिकाच्या समुद्रातून संगमरवराचा एक प्रचंड हात वर येतो. त्याची तर्जनी तुटलेली आहे. हेलिकॉप्टर तो हात उचलून शहरावरून घेऊन जाते आणि मुले खालून बघत राहतात. 1963 चे नोबेल पारितोषिक मिळालेले कवी सेफेरिस यांच्या कवितेत भग्न प्राचीन शिल्पांचे ओझे वाहणारा आधुनिक ग्रीक माणूस वारंवार येतो. सेफेरिस हे आंजेलोपुलोस यांचे आवडते कवी. वारसा भव्य आहे, पण वाट दाखविणारे बोट मात्र तुटलेले आहे, असा त्या दृश्याचा अर्थ मला लागतो. मोठी परंपरा लाभलेल्या कोणत्याही भाषेच्या माणसाला तो अनोळखी वाटू नये.

1991 च्या 'करकोच्याचे अधांतरी पाऊल' या चित्रपटाचा विषय सीमा हाच आहे. नदीच्या एका तीरावर नवरी, दुसऱ्या तीरावर नवरा. मधून देशाची सीमा गेलेली. धर्मगुरू एका काठावरून आशीर्वाद देतो आणि पाण्यावरून लग्न लागते. 1995 च्या 'युलिसिसची नजर' या चित्रपटात बाल्कन प्रदेशातल्या पहिल्या चित्रपटकारांनी, मानाकी बंधूंनी, घेतलेल्या पण कधीच न धुतलेल्या तीन फितींच्या शोधात एक दिग्दर्शक ग्रीसहून निघतो आणि अल्बानिया, रुमानिया, सर्बिया करीत युद्धाने पोळलेल्या साराजेव्होत पोचतो. तेथे वेढ्यात सापडलेल्या शहरातही एक वृद्ध माणूस चित्रपट-संग्रहालय सांभाळीत बसला आहे. जुन्या फिती जपणारा तो म्हातारा आणि जीर्ण पोथ्या जपणारा ग्रंथपाल यांचे गोत्र एकच. या चित्रपटाला कान येथे दुसऱ्या क्रमांकाचे पारितोषिक मिळाले आणि दिग्दर्शकाने आपली नाराजी व्यासपीठावरही लपविली नाही. सर्वोच्च सन्मान तीन वर्षांनी, 1998 साली मिळाला. तो ज्या चित्रपटाला मिळाला, त्यातच आपला शब्द विकत घेणारा कवी आहे.

त्या चित्रपटाचे नाव 'अनंतकाळ आणि एक दिवस'. अलेक्झांड्रोस हा सालोनिकातला वृद्ध लेखक दुर्धर आजाराने ग्रासलेला आहे. उद्या त्याला रुग्णालयात दाखल व्हायचे आहे आणि तेथून तो परतणार नाही. घरातली सामानाची आवराआवर, कुत्र्याची सोय, मुलीचा निरोप एवढेच उरले आहे. आणि उरले आहे एक अपुरे काम. एकोणिसाव्या शतकातला महाकवी सोलोमोस याची 'मुक्त वेढलेले' ही अपुरी कविता पुरी करण्यात त्याने अनेक वर्षे घालविली आहेत आणि त्याला शब्द सापडत नाहीत.

दिओनिसिओस सोलोमोस ही व्यक्ती इतिहासातली आहे. 1798 साली झाकिंथोस बेटावर त्याचा जन्म झाला. बाप उमराव, आई त्याच घरातली मोलकरीण. दहाव्या वर्षी त्याला शिक्षणासाठी इटलीला पाठविण्यात आले आणि दहा वर्षांनी तो परत आला तेव्हा इटालियन भाषेत कविता करीत होता. आईची भाषा त्याला पुन्हा नव्याने मिळवावी लागली. तिकडे ग्रीसचे स्वातंत्र्ययुद्ध पेटले आणि 1823 साली त्याने 158 कडव्यांचे स्वातंत्र्यस्तोत्र ग्रीकमध्ये लिहिले. त्यातली पहिली दोन कडवी 1865 पासून ग्रीसचे राष्ट्रगीत आहेत. मिसोलोंगी शहराच्या वेढ्यावरची त्याची ती दुसरी कविता मात्र, वर्षानुवर्षे तीनदा नव्याने मांडूनही, 1857 साली त्याचा मृत्यू झाला तेव्हा अपुरीच होती.

येथे ग्रीक भाषेचा एक वाद सांगणे आवश्यक आहे. एकोणिसाव्या शतकात पंडितांनी प्राचीन ग्रीकच्या वळणाची एक 'शुद्ध' भाषा घडविली आणि राज्यकारभारात, शाळांत तीच चालू केली. लोक बोलत होते ती वेगळीच. 1901 साली बायबलच्या शुभवर्तमानाचे लोकभाषेतले भाषांतर छापले गेले म्हणून अथेन्समध्ये दंगली झाल्या आणि माणसे मेली. लष्करशहांनीही शुद्ध भाषेचाच कैवार घेतला होता. ते गेल्यावर, 1976 साली, लोकभाषेला शिक्षणात आणि कारभारात अधिकृत स्थान मिळाले. सोलोमोसने शंभर-दीडशे वर्षे आधीच लोकांच्या तोंडची भाषा कवितेसाठी निवडली होती. 'माझा मराठाचि बोलु कौतुकें' म्हणणाऱ्या ज्ञानदेवांच्या वारसांना या निवडीचे मोल वेगळे सांगायला नको.

चित्रपटात अलेक्झांड्रोस हीच हकिकत एका मुलाला सांगतो. तो मुलगा अल्बानियातून सीमा ओलांडून पळून आलेला, चौकात मोटारींच्या काचा पुसून पोट भरणारा अनाथ पोर आहे. लेखक सांगतो, की त्या कवीला आपल्या लोकांची भाषा येत नव्हती, म्हणून तो गावोगाव फिरे आणि ज्याच्याकडे न ऐकलेला शब्द असेल त्याला पैसे देऊन तो शब्द विकत घेई. दिग्दर्शकाने दाखविलेला हा कवी कॅमेऱ्याच्या एकाच संथ वळणात आजच्या काळातून मागच्या शतकात, नदीकाठी, काळ्या पोशाखात उभा असलेला दिसतो. मुलाला हा खेळ आवडतो. तोही लेखकाला शब्द आणून देऊ लागतो. 'कोर्फुला मू' हा आई लेकराला लाडाने हाक मारताना वापरते तो शब्द. 'झेनितिस' म्हणजे जो सगळीकडे परका आहे तो. आणि 'आर्गादिनी' म्हणजे रात्रीची फार उशिराची वेळ. जन्मभर ग्रंथांत बुडालेल्या लेखकाला जे शब्द सापडले नाहीत, ते त्याच्या दारी एक परदेशी, निराधार, अक्षरशत्रू म्हणावे असे पोर घेऊन येते. शेवटी ते पोर जहाजातून दूर निघून जाते आणि लेखक समुद्राकाठी ते तीन शब्द मोठ्याने उच्चारीत उभा राहतो. त्याची कविता पुरी होत नाही. परंतु ज्या दिवशी त्याला केवळ मरणाची वाट पाहायची होती, त्या दिवशी त्याच्या भाषेत तीन शब्दांची भर पडली.

या चित्रपटानंतर त्यांनी विसाव्या शतकावर तीन चित्रपटांची मालिका योजिली. 2004 साली 'रडते कुरण' आले. त्यासाठी तळ्याकाठी एक अख्खे गाव उभारून ते पाण्याखाली जाऊ दिले होते. 2008 साली 'काळाची धूळ' आले. ग्रीसवरील आर्थिक अरिष्टाच्या पार्श्वभूमीवर 'दुसरा समुद्र' या तिसऱ्या चित्रपटाचे चित्रीकरण चालू असताना, 24 जानेवारी 2012 रोजी, पिरेयस बंदराजवळ रस्ता ओलांडताना मोटरसायकलची धडक बसून त्यांचे निधन झाले. सोलोमोसच्या कवितेप्रमाणे त्यांचीही शेवटची कृती अपुरी राहिली.

बंधुभगिनींनो, आता आपल्या घराकडे वळतो. सोलोमोस इटलीत वाढला, कवाफीने बहुतेक कविता इजिप्तमधल्या अलेक्झांड्रियात बसून लिहिली. ग्रीक कवितेचे दोन मोठे आधारस्तंभ अशा रीतीने भाषेच्या कडेला उभे आहेत. आपल्याकडे राजकवी भा. रा. तांबे यांनी देवास, इंदूर, ग्वाल्हेर या संस्थानी गावांत हयात काढून मराठी भावगीताला तिचे रूप दिले. मुक्तिबोधांच्या एकाच घरात थोरले गजानन माधव हिंदीचे श्रेष्ठ कवी झाले आणि धाकटे शरच्चंद्र मराठीचे. कडेला राहणाऱ्याला भाषा आयती मिळत नाही. ती दर पिढीला निवडावी लागते, मिळवावी लागते, तिची किंमत मोजावी लागते. शंभर वर्षांपूर्वी ज्यांनी पदरमोड करून हे ग्रंथालय काढले, त्यांनी ती किंमत मोजली होती.

आजची स्थिती आपणांस ठाऊक आहे. वाचनकक्षात पांढऱ्या केसांची संख्या वाढते आहे. घरातली नातवंडे मराठी समजतात, पण उत्तर हिंदीत किंवा इंग्रजीत देतात. माझ्या वर्गातली मुले परीक्षेपुरती मराठी लिहितात. त्यांना दोष देऊन आपण मोकळे होतो. त्यांच्याकडे शब्द नाहीत अशी तक्रार करताना, त्यांच्याकडून शब्द मागण्याची सवय मात्र आपण सोडून दिली आहे. भाषेची समृद्धी फक्त कपाटातून वाचकाकडे जाते, असे आपण धरून चालतो. आंजेलोपुलोस यांच्या चित्रपटाने मला उलट दिशेचा प्रवास दाखविला. शब्द दारातूनही आत येतात, आणि पुष्कळदा ज्याला आपण परका समजतो त्याच्या हातून येतात.

म्हणून ग्रंथालयाच्या दुसऱ्या शतकासाठी एक लहानशी सूचना मी कार्यकारी मंडळापुढे ठेवतो. देवघेवीच्या टेबलावर एक जाड वही असावी. माळव्यातल्या आपल्या जुन्या घरांतून बोलले जाणारे, कोशात नसलेले शब्द तीत लिहिले जावेत. आजीच्या स्वयंपाकघरातले, वाड्यातले, लग्नातले, शिवीगाळीतलेसुद्धा. माळवी आणि हिंदीच्या शेजाराने मराठीत आलेले शब्दही तीत यावेत. ते विटाळ नव्हेत, ती आपल्या येथल्या वास्तव्याची नोंद आहे. जो मुलगा किंवा जी मुलगी वहीत नसलेला एक शब्द आणील, मग ते मूल मराठी घरातले असो वा नसो, त्याला त्या दिवशी नियमापेक्षा एक पुस्तक जास्त घरी नेता यावे. सोलोमोसने नाणी मोजली. आपल्याकडे मोजण्याजोगे चलन पुस्तकांचेच आहे.

पहिला शब्द मी आज लिहून देईनच. दुसरा कोण आणतो, याची आपण सर्वांनी उत्सुकतेने वाट पाहावी.